फत्तेलाल, शेख
(१८८६–१९६४). मराठी बोलपटाच्या उभारणीच्या काळातील श्रेष्ठ कलादिग्दर्शक व चित्रपट-दिग्दर्शक. चित्रसृष्टीत ते ‘साहेबमामा’ या नावाने ओळखले जात. जन्म कागल (जि. कोल्हापूर) येथे. चित्रकलेचे संस्कार त्यांना कोल्हापुरात आनंदराव व बाबूराव पेंटर यांच्या सहवासात लाभले. बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीत त्यांचा विष्णुपंत दामले यांच्याशी स्नेह जुळला आणि या जोडीने १९२८ मध्ये महारथी कर्ण हा मूकपट दिग्दर्शित केला. पुढे या दोघांनी व्ही. शांताराम, केशवराव धायबर व सीतारामपंत कुलकर्णी यांच्यासह १९२९ मध्ये प्रभात फिल्म कंपनी स्थापन केली. १९३३ मध्ये ती पुण्यास आली.

नाटकातील रंगविलेला पडदा एका जागी बसलेल्या प्रेक्षकासाठी असतो. कॅमेरा मात्र जागा बदलतो व जवळही जातो. त्यामुळे सपाट पडद्यावरील खांबाचे सोंग त्याच्यापुढे उघडे पडते. बाबूरावांनी पडद्यांऐवजी घन नेपथ्य उभारण्याची जी दृष्टी दिली, तिचा फत्तेलालांनी प्रभातमध्ये पूर्ण विकास केला. कृष्णधवल चित्रपटात रंग केवळ करड्या छटांच्या रूपाने उमटतात. म्हणून भिंत, वस्त्र व चेहरा यांच्या छटा एकमेकींत मिसळणार नाहीत, हे आधीच ठरवावे लागे. बोलपट आल्यावर ध्वनिमुद्रणाचाही विचार आला. पोकळ लाकडी जमिनीवर वाजणारे पाऊल दगडी राजवाड्याचा भास क्षणात मोडते. अमृतमंथनमधील (१९३४) देवीचे भव्य मंदिर व कुंकूमधील (१९३७) मध्यमवर्गीय घर ही एकाच कलाविभागाची निर्मिती होय. दुसरे काम दिसावयास सोपे, पण करावयास अधिक अवघड.

दामले–फत्तेलाल यांच्या संत तुकाराममध्ये (१९३६) या कलेचा खरा कस लागला. त्यात चमत्कार आहेत, वैकुंठगमन आहे. परंतु त्याभोवतीचे देहू गाव व तुकारामाचे दरिद्री घर इतके खरे वाटते, की जिजाईचा संताप चमत्काराइतकाच विश्वसनीय ठरतो. संतपटाचा भपका येथे जाणीवपूर्वक टाळलेला आहे. वारकरी परंपरेचे हे दृश्यरूप एका मुसलमान चित्रकाराने सिद्ध केले, याचे त्या काळी कोल्हापूर-पुण्याकडे फारसे नवल वाटले नसावे. या चित्रपटाचा १९३७ मध्ये व्हेनिसच्या महोत्सवात गौरव झाला. मुंबईतही तो वर्षाहून अधिक काळ चालला.

गोपालकृष्ण (१९३८) व संत ज्ञानेश्वर (१९४०) हे या जोडीचे अन्य चित्रपट. दामले १९४५ मध्ये निवर्तले. त्याआधीच शांताराम प्रभात सोडून गेले होते. १९५३ च्या सुमारास कंपनी बंद पडली. फत्तेलालांनी त्यानंतर जगद्‌गुरू शंकराचार्य (१९५५) हा चित्रपट दिग्दर्शित केला. प्रभातच्या आवारात १९६० मध्ये केंद्र शासनाची चित्रपटशिक्षण संस्था सुरू झाली. साहेबमामांनी नेपथ्ये उभारलेल्या त्याच आवारात पुढे कलादिग्दर्शन हा शिकविण्याचा विषय झाला.