कोवळ्या शेंगेला लसणाची फोडणी

दिवाळीचे चार दिवस चकली, शंकरपाळे, अनारसे आणि करंज्या खाऊन झाल्या की घरात कुणीतरी म्हणतंच, "आज काहीतरी साधं करा." साधं म्हणजे गरम भाकरी आणि तिच्याबरोबर तेला-मसाल्याचा बोजा नसलेली एखादी कोरडी भाजी. पुणे जिल्ह्यातल्या निरगुडसरपासून मंचर-नारायणगावापर्यंतच्या पट्ट्यात त्यासाठी लागणाऱ्या वस्तू लांबून आणाव्या लागत नाहीत. फरसबी, लसूण, मिरची, शेंगदाणे, बाजरी हे सगळं आसपासच्या रानातच पिकतं. लसणावर परतलेली फरसबी दिसायला अगदी सोपी भाजी आहे. पण तिच्यात मसाला नसल्यामुळे लपायला जागा नसते. शेंग निबर असली किंवा लसूण करपला, तर पहिल्याच घासाला कळतं.

आंबेगाव तालुक्याचे सरळ दोन भाग पडतात. पश्चिमेला भीमाशंकरचा डोंगर, भाताची खाचरं आणि हिरड्याची झाडं. पूर्वेला घोड नदीचं खोरं, म्हणजे ऊस, कांदा, बटाटा आणि तरकारी. निरगुडसर या पूर्वेकडच्या बागायती भागात येतं. विधानसभेचे माजी अध्यक्ष दिलीप वळसे पाटील यांचं गाव म्हणून ते राज्याला माहीत आहे. घोडवर डिंभे धरण झालं, त्यात जुनं आंबेगाव पाण्याखाली गेलं आणि खालच्या शिवारांना कालव्याचं पाणी मिळालं. 12 डिसेंबर 1930 रोजी मुंबईत विदेशी कापडाची मालमोटार अडवताना प्राण दिलेले बाबू गेनू हे याच तालुक्यातल्या महाळुंगे पडवळचे. धरणाच्या जलाशयाला त्यांचंच नाव आहे.

पाणी आल्यावर ऊस वाढला, पारगावला भीमाशंकर सहकारी साखर कारखाना उभा राहिला. पण ऊस वर्षभर रान अडवून बसतो आणि पैसा त्यानंतर हातात येतो. घरखर्चाला, खताला, मुलांच्या फीला मधल्या काळात पैसा लागतोच. तो तरकारी देते, आणि तरकारीतही फरसबी लवकर देते. बुटक्या जातीची फरसबी पेरणीपासून साधारण पन्नास दिवसांत तोड्याला येते. पुढे दर तीन-चार दिवसांनी एक तोडा, असे काही आठवडे चालतं. मग वेल-पाला उपटून रान पुढच्या पिकाला मोकळं.

शेंगेचं वय

पुण्याकडे फरसबीलाच श्रावण घेवडाही म्हणतात. घेवडा म्हटलं की अस्सल देशी वाटतो, पण हे झाड मूळचं अमेरिका खंडातलं. मेक्सिकोच्या बाजूला आणि अँडीज पर्वतात अशा दोन ठिकाणी तिथल्या लोकांनी ते स्वतंत्रपणे लागवडीखाली आणलं. कोलंबसानंतर ते युरोपात गेलं आणि युरोपीय लोकांबरोबर आपल्याकडे आलं. मिरची, बटाटा, टोमॅटो आणि शेंगदाणा यांचाही प्रवास तसाच. म्हणजे आज आपण "गावरान" म्हणून जी भाजी परततो, तिच्यातला जुन्या जगातला मुख्य घटक लसूणच.

राजमा आणि फरसबी एकाच जातीच्या झाडावर येतात. शेंग कोवळी तोडली तर भाजी, झाडावर वाळू दिली तर कडधान्य. सातारा जिल्ह्यातल्या कोरेगाव भागातला वाघ्या घेवडा हाही याच कुळातला. दाण्यावर तांबडे पट्टे असलेल्या या घेवड्याला भौगोलिक मानांकन मिळालेलं आहे. त्यामुळे भाजीसाठी फरसबी घेताना प्रश्न एकच विचारायचा: ही शेंग अजून भाजी आहे की कडधान्य व्हायला निघाली आहे?

उत्तर बोटांना कळतं. शेंग मधोमध वाकवली की कट्ट आवाज करून तुटली पाहिजे. ती लवली, पिळवटली किंवा दाण्यांचे उंचवटे बाहेरून दिसू लागले, की ती निबर झाली समजा. अशा शेंगा फेकू नयेत. दाणे सोलून उसळ करावी, पण लसणावर परतायला त्या घेऊ नयेत.

तोडणीचं काम बहुतेक बायकाच करतात. सकाळी दव सुकलं की सरीत शिरायचं, एका हाताने फांदी धरायची आणि दुसऱ्या हाताच्या अंगठा-बोटाच्या चिमटीत देठ खुडायचा. शेंग ओढायची नाही. ओढली तर तिच्याबरोबर शेजारचं फूल आणि बारकी शेंगही येते आणि पुढचा तोडा बुडतो. ओल्या पानांत हात घालायचा नाही, कारण तांबेऱ्यासारखे रोग ओलाव्यात झाडाझाडांवर पसरतात. एक तोडा चुकला तर शेंगा निबर होतात आणि झाडही नवी फुलं धरण्यात हयगय करतं. म्हणून मजूर मिळो न मिळो, तोडा वेळेवरच करावा लागतो.

हवेच्या बाबतीत हे पीक नखरेल आहे. सुखद गारवा त्याला मानवतो. उन्हाळ्याच्या कडाक्यात फुलं गळतात, पावसाने पाणी साचलं तर मुळं कुजतात. कडधान्याच्या घराण्यातलं असूनही हवेतला नत्र मुळांत साठवायच्या कामात ते कच्चं, त्यामुळे त्याला नत्राचं खत वरून द्यावं लागतं. बंगळूरच्या बागायती संशोधन संस्थेची अर्का कोमल आणि राहुरी कृषी विद्यापीठाची फुले सुयश या आपल्याकडच्या माहितीतल्या जाती. जुन्या फरसबीला दोन्ही कडांना दोरे असायचे आणि ते काढताना सुगरणीचा जीव जायचा. एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस अमेरिकेत कॅल्विन कीनी यांनी बिनदोऱ्याच्या जाती तयार केल्या. आज बाजारात येणाऱ्या बहुतेक शेंगांना नुसतं देठ आणि टोक खुडलं की पुरतं.

लसणाचा शेजार

निरगुडसरहून मंचरला येऊन पुणे-नाशिक रस्त्याने दक्षिणेला निघालं की राजगुरुनगर लागतं. कांदा आणि लसूण या दोनच पिकांवर काम करणारी भारतीय कृषी संशोधन परिषदेची संस्था तिथे आहे. भीमा ओंकार आणि भीमा पर्पल या लसणाच्या जाती तिथल्याच. आपल्या मैदानी मुलखातला लसूण लहान दिवसांत गड्डा धरतो. त्याच्या पाकळ्या बारीक आणि संख्येने पुष्कळ असतात. हिमाचलकडचा लसूण मोठ्या दिवसांचा, पाकळी जाडजूड, सोलायला सोपी. सोलताना नखं दुखतात म्हणून गावठी लसूण टाळणारे पुष्कळ, पण या भाजीत त्याचा झणका हवाच.

अख्ख्या पाकळीला फारसा वास नसतो. ॲलिइन नावाचं गंधकयुक्त द्रव्य आणि ॲलिनेज हे विकर पाकळीच्या पेशींत वेगवेगळ्या कप्प्यांत असतात. पाकळी ठेचली की दोन्ही एकत्र येतात आणि त्यातून ॲलिसिन तयार होतं. आपल्याला ओळखीचा तो तिखट दर्प त्याचाच. पाकळी जेवढी बारीक, तेवढा दर्प जास्त, आणि तेवढीच ती तेलात लवकर करपते. म्हणून या भाजीत पेस्ट नको. निम्म्या पाकळ्या ठेचाव्यात, निम्म्यांचे पातळ काप करावेत. ठेचलेल्याने तेलाला वास लागतो, काप दाताखाली येतात.

कढईजवळ

चौघांसाठी पाव किलो फरसबी, गावठी लसणाच्या बारा-पंधरा पाकळ्या, दोन हिरव्या मिरच्या, दोन चमचे शेंगदाणा तेल, मीठ आणि दोन चमचे शेंगदाण्याचा जाडसर कूट. शेंगा आधी धुवाव्यात आणि मग चिराव्यात. चिरून धुतल्या तर जीवनसत्त्व क पाण्याबरोबर जातं. बारीक गोल चिरण्याऐवजी बोटभर लांबीचे तुकडे ठेवले तर शेंगेचा करकरीतपणा टिकतो.

पातेल्यात भरपूर पाणी खळखळून उकळावं, त्यात मीठ घालावं, तुकडे टाकावेत. झाकण ठेवू नये. हिरव्या रंगातलं हरितद्रव्य आम्लात आणि उष्णतेत टिकत नाही, ते शेवाळी होतं. शेंगेतून सुटणारी आम्लं झाकणाखाली कोंडली की रंग लवकर जातो. खायचा सोडा घातला तर रंग राहतो खरा, पण शेंग लिबलिबीत होते आणि जीवनसत्त्वंही नासतात. चार मिनिटांनी एक तुकडा चावून पाहावा. कच्चट वास गेला असेल आणि दाताला थोडा विरोध होत असेल, तर लगेच चाळणीत उपसून गार पाण्याखाली धरावं. फरसबी कच्ची खाऊ नये. राजम्यात पोट बिघडवणारं जे लेक्टिन असतं, ते कमी प्रमाणात शेंगेतही असतं आणि नीट शिजवल्याने निष्प्रभ होतं.

लोखंडी कढईत तेल घालून ते धुरकटायच्या आत लसूण आणि मिरची सोडावी. आच मंदच. आधी कापांच्या कडेला बारीक बुडबुडे येतात, मग वास बदलतो, मग कडा पिवळसर होतात. खरी घाई इथेच. काप बदामी व्हायची वाट पाहिली तर शेंगा घालेपर्यंत ते तपकिरी होऊन कडू होतात. कडा रंगल्या की निथळलेली फरसबी घालून आच मोठी करावी. ओली शेंग तेलाला थोडं थंड करते आणि लसूण वाचतो. दोन-तीन मिनिटं परतावं, मीठ बेताने घालावं, आच बंद केल्यावर कूट भुरभुरावा. हळद घालू नये, कारण ती हिरव्याला मळकट करते. लिंबू पिळायचं तर ताटात वाढल्यावर.

चीनच्या सिचुआन प्रांतात हीच शेंग न उकडता तेलात साल सुरकुतेपर्यंत परततात आणि मग लसूण-मिरची घालतात. तमिळ घरांत मोहरी आणि खोबऱ्यावर तिचं पोरियल होतं. आपल्याकडे गोडा मसाला, गूळ, खोबरं घालूनही ती करतात. पण त्या पद्धतीत थोडी निबर शेंगही खपून जाते. लसणावर परतायची तर कोवळीच हवी.

आणलेली फरसबी न धुता कापडी पिशवीत ठेवावी. अति गारठ्यात तिच्यावर तपकिरी डाग पडतात, म्हणून फ्रिजमध्ये फ्रीझरपासून लांबचा खण बरा. दोन-तीन दिवसांत संपवलेली उत्तम. शंभर ग्रॅम शेंगेत साधारण तीस कॅलरी आणि अडीच-तीन ग्रॅम तंतू असतात. फराळानंतर पोटाला तेवढं पुरे.

दिवाळीच्या आसपासचे दिवस लसूण लावण्याचेही आहेत. भाजीसाठी गड्डा फोडाल तेव्हा बाहेरच्या ठसठशीत चार-सहा पाकळ्या बाजूला काढा आणि टोक वर ठेवून कुंडीत दोन-तीन सेंटीमीटर खोल टोचा. तीन-चार आठवड्यांत पात खुडण्याजोगी होते. पुढच्या खेपेला कूट घालण्याऐवजी तीच बारीक चिरून गरम फरसबीवर घाला आणि भाकरी तव्यावरून थेट ताटात येऊ द्या.