ग्राहकोपयोगी इलेक्ट्रॉनिकी उद्योगातील जोखीम

दूरचित्रवाणी संच, भ्रमणध्वनी, ध्वनिसाधने व तत्सम गृहोपयोगी उपकरणे तयार करणाऱ्या उद्योगसंस्थेस तंत्रज्ञान, बाजारपेठ, शासकीय धोरण व वित्तपुरवठा यांतील अनिश्चिततेमुळे जी हानी संभवते, तिला या उद्योगातील जोखीम असे म्हणतात. ही जोखीम दुहेरी असते : एक व्यवसायाची, म्हणजे माल न खपण्याची वा तोट्यात विकावा लागण्याची, दुसरी गुंतवणुकीची, म्हणजे लावलेले भांडवल परत न मिळण्याची. महाराष्ट्रात या दोहोंचे ठळक उदाहरण मराठवाड्यातील व्हिडिओकॉन समूहात आढळते. स्थाननिवडीशी निगडित जोखमीचा विचार नागपूरजवळील मिहान प्रकल्प व बुटीबोरी औद्योगिक क्षेत्र यांच्या संदर्भात करता येतो.

स्वरूप : वस्तूचे आयुष्य आणि भांडवलाचे आयुष्य यांतील तफावत हे या उद्योगातील जोखमीचे मूळ होय. संचाचे एखादे प्रतिमान एकदोन वर्षांत मागे पडते. त्यासाठी उभारलेला कारखाना मात्र पुष्कळ वर्षे चालेल, असे गृहीत धरून कर्ज घेतलेले असते. तंत्रज्ञान बदलले की यंत्रसामग्रीचे मूल्य झपाट्याने घटते, परंतु कर्जाचे हप्ते घटत नाहीत. याशिवाय गोदामातील मालाची किंमत दरमहा उतरत असते. सुटे भाग आयात होत असल्याने रुपयाचा विनिमय दर घसरला की खर्च वाढतो आणि स्पर्धेमुळे ती वाढ ग्राहकावर टाकता येत नाही. हमीच्या मुदतीतील दुरुस्तीचा भार विक्रीनंतरही उत्पादकावरच राहतो. अशा रीतीने अल्प नफा व मोठी उलाढाल असलेल्या या व्यवसायात लहानशी चूकही खेळते भांडवल खाऊन टाकते.

धोरणात्मक जोखीम : शासनाचे आयात शुल्क हा या उद्योगाचा जणू तटच असतो, तो उंचावला वा खाली आला की आतील सर्व गणिते बदलतात. भारताने १९९७ मध्ये माहिती तंत्रज्ञानविषयक आंतरराष्ट्रीय करार स्वीकारल्याने संगणक व दूरसंचार साधनांवरील शुल्क क्रमाक्रमाने शून्यावर आले. थायलंडशी झालेल्या करारानुसार ८२ वस्तूंवरील शुल्क सप्टेंबर २००४ पासून टप्प्याटप्प्याने कमी होऊन २००६ मध्ये संपुष्टात आले. त्या वस्तूंत रंगीत चित्रनलिकांचाही समावेश असल्याने देशी उत्पादकांना स्वस्त आयातीशी सामना करावा लागला. उलटपक्षी, २०२० मधील उत्पादनसंलग्न प्रोत्साहन योजनेने भ्रमणध्वनीच्या देशांतर्गत निर्मितीस चालना दिली. मात्र असे प्रोत्साहन मुदतबंद असते आणि त्यावर विसंबून उभारलेला कारखाना मुदत संपल्यावर स्वबळावर टिकेल की नाही, हा प्रश्न उरतोच.

व्हिडिओकॉनचे उदाहरण : १९८२ च्या आशियाई क्रीडास्पर्धांच्या वेळी भारतात रंगीत दूरचित्रवाणी अवतरली व संचांना मोठी मागणी निर्माण झाली. या लाटेवर औरंगाबादच्या (२०२३ पासून छत्रपती संभाजीनगर) धूत कुटुंबाने उभारलेला व्हिडिओकॉन समूह पुढे आला. पैठण मार्गावरील चितेगाव येथील त्याच्या कारखान्यामुळे परिसरात पूरक लघुउद्योग वाढले. १९९० नंतरच्या दशकात सॅमसंग व एलजी या कोरियन कंपन्या भारतात आल्या आणि स्पर्धा तीव्र झाली.

२००५ मध्ये या समूहाने फ्रान्सच्या थॉमसन कंपनीचा रंगीत चित्रनलिकांचा व्यवसाय विकत घेतला. त्याचे कारखाने इटली, पोलंड, मेक्सिको व चीन या देशांत होते. संचातील सर्वांत महाग भाग स्वतःच बनवावा, हा यामागील विचार तर्कशुद्ध होता. परंतु त्याच सुमारास चित्रनलिकेची जागा सपाट द्रवस्फटिक पटल घेत होते. २००७ च्या अखेरच्या तिमाहीत जगात द्रवस्फटिक संचांची विक्री चित्रनलिका संचांहून अधिक झाली. इटलीतील आनान्यी येथील कारखाना चालविणारी कंपनी २०१२ मध्ये दिवाळखोर ठरली.

एका व्यवसायातील जोखीम दुसऱ्याने भरून निघावी, म्हणून समूहाने खनिज तेल, थेट घरपोच दूरचित्रवाणी आणि भ्रमणध्वनी सेवा या क्षेत्रांतही प्रवेश केला. यांपैकी मोझांबिकमधील वायुक्षेत्रातील हिस्सा विकून समूहास मोठी रक्कम मिळाली. दूरसंचार क्षेत्रात मात्र २ फेब्रुवारी २०१२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने १२२ परवाने रद्द केले. त्यांत या समूहाचे २१ परवाने होते. विविधीकरणाने जोखीम विभागली जाते हे तत्त्व खरे असले, तरी सर्व शाखा एकाच कर्जाच्या दोरीने बांधलेल्या असतील, तर ते फोल ठरते. येथे समूहातील अनेक कंपन्या परस्परांच्या कर्जास संयुक्तपणे बांधील होत्या. त्यामुळे एका शाखेचा तोटा दुसरीच्या मालमत्तेवर आला.

जून २०१८ मध्ये राष्ट्रीय कंपनी कायदा न्यायाधिकरणाच्या मुंबई पीठाने दिवाळखोरीची कार्यवाही दाखल करून घेतली व २०१९ मध्ये तेरा कंपन्यांची प्रकरणे एकत्रित केली. मान्य झालेले दावे सुमारे ६४,८३८ कोटी रुपयांचे होते. वेदांत समूहाशी संलग्न ट्विन स्टार टेक्नॉलॉजीजची सुमारे २,९६२ कोटी रुपयांची योजना जून २०२१ मध्ये मंजूर झाली. म्हणजे धनकोंना शंभर रुपयांमागे पाच रुपयेही मिळणार नव्हते. जानेवारी २०२२ मध्ये अपील न्यायाधिकरणाने ही मंजुरी रद्द केली.

स्थानविषयक जोखीम : मिहान हा नागपूर विमानतळालगतचा मालवाहतूक केंद्र व विशेष आर्थिक क्षेत्र यांचा प्रकल्प असून तो महाराष्ट्र विमानतळ विकास कंपनी (स्थापना २००२) राबविते. देशाच्या मध्यभागी असल्याने येथून चारही दिशांना माल पाठविणे सोयीचे आहे. २०२५ मध्ये पूर्ण झालेल्या ७०१ किमी. लांबीच्या नागपूर–मुंबई समृद्धी महामार्गामुळे बंदराकडील प्रवासही सुकर झाला. तथापि आयात सुट्या भागांवर चालणाऱ्या उद्योगास समुद्रकिनाऱ्यापासूनचे अंतर खर्चिक ठरते. शिवाय विशेष आर्थिक क्षेत्रातून देशांतर्गत बाजारात आणलेल्या मालावर आयात मालाप्रमाणे सीमाशुल्क द्यावे लागते. त्यामुळे निर्यातदारास लाभदायक असलेली ही व्यवस्था भारतीय ग्राहकावर अवलंबून असलेल्या उत्पादकास तितकीशी अनुकूल नाही. या क्षेत्रांतील घटकांवर २०११ च्या अर्थसंकल्पाने किमान पर्यायी कर लादल्याने मूळ सवलतींचे आकर्षणही घटले. मिहानसाठी उभारलेले २४६ मेगावॉटचे वीजकेंद्र बंद पडल्याने वीजपुरवठ्याच्या अडचणीही अनुभवास आल्या. मिहानमध्ये माहिती तंत्रज्ञान, औषधनिर्मिती व विमान-देखभाल यांनी मूळ धरले, याचे कारण काही अंशी यातच आहे.

वर्धा मार्गावरील बुटीबोरी येथे ट्विनस्टार डिस्प्ले टेक्नॉलॉजीजने द्रवस्फटिक पटलांचा कारखाना काढावा, यासाठी २०१६ मध्ये राज्य शासनाशी सामंजस्य करार झाला. पण तो प्रकल्प उभा राहिला नाही. अशा प्रकल्पास अखंड वीज, अतिशुद्ध पाणी, शासकीय अनुदान आणि प्रचंड भांडवल एकाच वेळी लागते. यांतील एक घटक कमी पडला, तरी सर्व थांबते. करार म्हणजे कारखाना नव्हे, ही गोष्ट गुंतवणूकदाराप्रमाणेच जमीन देणारे शेतकरी व रोजगाराची वाट पाहणारे तरुण यांच्याही दृष्टीने महत्त्वाची आहे. मिहानसाठी खापरी, तेल्हारा, दहेगाव, शिवणगाव इ. गावांच्या जमिनी गेल्या. जमीन देणाऱ्याची जोखीम कोणत्याही ताळेबंदात दाखविली जात नाही.

गुंतवणूकदारांची स्थिती : २०१६ च्या दिवाळखोरी संहितेनुसार परिसमापनात प्रथम कार्यवाहीचा खर्च, नंतर तारणधारक धनको व कामगारांचे २४ महिन्यांचे वेतन, त्यानंतर इतर देणी आणि सर्वांत शेवटी समभागधारक असा क्रम असतो. नाममुद्रा घरोघरी परिचित आहे, म्हणून समभाग सुरक्षित आहे, हा सामान्य बचतदाराचा समज त्यामुळे घातक ठरतो. व्हिडिओकॉनच्या मंजूर योजनेत समभागधारकांना काहीही मिळणार नव्हते. बँकांचे बुडीत कर्जही अखेरीस ठेवीदार व करदाते यांच्यावरच भारभूत होते. पूरक उद्योजकाची स्थिती अधिकच बिकट असते. त्याचे येणे विनातारण असते आणि त्याची यंत्रे बहुधा एकाच ग्राहकाच्या मापाची असतात.

उपाय : जोखीम नाहीशी करता येत नाही, ती पेलण्याजोगी ठेवता येते. कर्जाची मुदत तंत्रज्ञानाच्या अपेक्षित आयुष्याहून कमी ठेवणे, यंत्रांवरील घसारा वास्तव गतीने आकारणे, मालसाठा मर्यादित राखणे, परकीय चलनातील देण्यांस विनिमय-संरक्षण घेणे आणि समूहातील कंपन्यांची कर्जे एकमेकींपासून अलग ठेवणे, हे त्यांतील प्रमुख उपाय होत. गुंतवणूकदाराने विक्रीच्या आकड्यांपेक्षा व्यवसायातून प्रत्यक्ष हाती येणारी रोकड, कर्जाचे स्वभांडवलाशी प्रमाण, प्रवर्तकांनी गहाण ठेवलेले समभाग आणि समूहातील कंपन्यांना दिलेल्या हमी यांकडे लक्ष देणे आवश्यक असते. नव्या तंत्रज्ञानाची चाहूल लागली असताना जुन्याचे कारखाने स्वस्तात मिळत असतील, तर ती स्वस्ताई हीच जोखमीची पहिली सूचना समजावी.