आधी हजर झाला, म्हणून ज्येष्ठ?

ज्येष्ठता यादी लागली की यवतमाळच्या जिल्हाधिकारी कचेरीपासून उमरखेडच्या तहसीलपर्यंत एकच वाक्य ऐकू येतं : “मी त्याच्या पयले जॉइन झालो, मंग थो माह्यावर कसा?” म्हणणारा इतका ठाम असतो की आजूबाजूचे मानाही डोलावतात. पण एकाच भरतीतून आलेल्यांना हा निकष लागूच नाही.

समजा, एकाच निवड यादीतून दोन लिपिक नेमले गेले. यादीत चौथी आलेली बाई झरी-जामणीकडची. आदेश पोस्टाने आला, घरचं आवरलं आणि ती विसाव्या दिवशी हजर झाली. एकोणिसावा आलेला यवतमाळातलाच. आदेश हाती पडला त्याच दुपारी सही करून मोकळा. सेवापुस्तकात तारीख त्याची आधीची. ज्येष्ठ कोण? बाई. महाराष्ट्र नागरी सेवा (ज्येष्ठतेचे विनियमन) नियमावली, 1982 च्या नियम 4 प्रमाणे एका निवडीतून सरळसेवेने आलेल्यांचा आपसातला क्रम गुणवत्ता यादीप्रमाणेच लागतो. अट एवढीच, की आदेशापासून 30 दिवसांत किंवा सक्षम अधिकाऱ्याने वाढवून दिलेल्या मुदतीत हजर व्हायचं. 2021 मध्ये नवी नियमावली आली, तरी गुणवत्ता क्रमाचं तत्त्व तेच. कागदावर येऊन चाळीस वर्षं उलटली. हरकतींच्या फाईलमध्ये मात्र अजून ‘रुजू दिनांक पाहावा’ हेच.

मग तारखेला काहीच किंमत नाही का? आहे. मूळ तत्त्व संवर्गातल्या सलग सेवेचंच आहे. एक सरळसेवेचा आणि दुसरा बढतीने आलेला, अशा दोघांत तारीख बघावीच लागते. पण कोणती तारीख? या प्रश्नावर महाराष्ट्रातले अभियंते सुप्रीम कोर्टापर्यंत भांडले. जुन्या नियमांत सरळसेवेच्या अभियंत्याचा परिविक्षा काळ धरला जाई आणि बढतीने आलेल्याची मात्र कायम होण्याआधीची सगळी वर्षं वजा होत. पटवर्धन खटल्यात 1977 साली न्या. यशवंत चंद्रचूड यांनी हा भेद मोडीत काढला. माणूस कायम कधी होतो हे ना त्याच्या कामावर ठरतं, ना रिकाम्या जागेवर. मग ज्येष्ठता त्याला कशी टांगायची, असा त्यांचा रोख होता. पुढे सरळसेवेच्या वर्ग-2 अभियंत्यांच्या संघटनेने राज्याविरुद्ध लढवलेल्या खटल्यात 1990 मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने शिक्का मारला : नेमणूक नियमाप्रमाणे असेल तर ज्येष्ठता नेमणुकीच्या तारखेपासून, कायम झाल्याच्या नव्हे. नियम डावलून, काम भागवण्यापुरती नेमणूक असेल तर तो काळ धरायचा नाही. (अशी नेमणूक खंड न पडता चालून पुढे नियमित झाली तर काय, यावर त्याच निकालात वेगळा मुद्दा आहे. वकिलांचं दुकान तिथेच चालतं.)

बाकीचे गैरसमज झटपट. “बिंदुनामावलीत माझा बिंदू वरचा, म्हणून मी ज्येष्ठ.” नाही. बिंदू कोणत्या प्रवर्गाच्या किती जागा हे मोजायला असतात. ज्येष्ठता त्यावरून लागत नाही, हे सुप्रीम कोर्टाने 2003 च्या बिमलेश तन्वर निकालात सांगितलंय. “विनंती बदलीने जिल्हा बदलला, म्हणजे सगळी नोकरी शून्य.” शून्य होते ती नव्या ठिकाणची ज्येष्ठता. पगार, रजा, निवृत्तिवेतनाला जुनी सेवा राहते. “मानीव दिनांक (कागदोपत्री मागे नेलेली पदोन्नतीची तारीख) मिळाला, आता थकबाकी.” आपोआप नाही, आदेशाची शेवटची ओळ वाचा. “विभागीय परीक्षेचा ज्येष्ठतेशी काय संबंध?” हे महसुलातल्या माणसाने विचारावं म्हणजे कमाल आहे. ठरलेल्या मुदतीत, ठरलेल्या संधींत पास झाला नाही, तर मागचा पुढे जातो.

सगळ्यात महागात पडणारा समज म्हणजे हरकत कधीही घेता येते हा. 1 जानेवारीची स्थिती दाखवणारी यादी आधी तात्पुरती लागते, हरकतींना मुदत मिळते, मग ती अंतिम होते. त्या मुदतीत कोणी ढुंकून बघत नाही. पदोन्नती समितीची बैठक ठरली की सगळे जागे. शिबाशंकर मोहपात्रा निकालात (2010) सुप्रीम कोर्टाने ज्येष्ठतेला आव्हान देण्यासाठी तीन-चार वर्षं हा वाजवी काळ मानला. महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, म्हणजे मॅटमध्ये, तर कायद्याने अंतिम आदेशापासून साधारण एकच वर्ष मिळतं. साहेबांकडे अर्जावर अर्ज दिले म्हणून ते वाढत नाही, हे 1989 पासून ठरलेलं आहे.

अर्ज कुठे करायचा, यातही घोळ. जिल्हाधिकारी कचेरीतला लिपिक मॅटच्या नागपूर खंडपीठात जातो. जिल्हा परिषदेचा लिपिक किंवा शिक्षक मॅटच्या कक्षेत येत नाही. त्याला हायकोर्टाचं नागपूर खंडपीठ. दोन्ही नागपूरलाच, बसचं तिकीटही तेवढंच. पण दार चुकलं की अर्ज परत येतो आणि वाया गेलेल्या महिन्यांचा खुलासा दुसऱ्या कोर्टात देत बसावं लागतं.