फुटलेल्या धरणाचे गाव : वुडहॉल स्पा

इंग्लंडच्या लिंकनशायर परगण्यात, उंच पाइनच्या झाडीत वसलेले वुडहॉल स्पा हे छोटेसे गाव. गावाच्या मध्यावर रॉयल स्क्वेअर नावाचा चौक आहे आणि त्या चौकात एक दगडी धरण उभे आहे, मधोमध फुटलेले. धरणफोडे म्हणून जगभर ओळखल्या गेलेल्या ब्रिटिश हवाई दलाच्या 617 स्क्वाड्रनचे हे स्मारक. या तुकडीतले जे वैमानिक दुसऱ्या महायुद्धातून परतले नाहीत, त्यांची नावे त्यावर कोरली आहेत. 1987 मध्ये ते उभारले गेले. ज्या जागेवर ते आहे, तिथे पूर्वी रॉयल हायड्रो हे आलिशान हॉटेल होते. ऑगस्ट 1943 मध्ये जर्मन विमानाने टाकलेल्या सुरुंगाने ते उद्ध्वस्त झाले.

या गावाचा जन्मही पाण्यातूनच झाला. 19 व्या शतकाच्या सुरुवातीला इथे कोळशासाठी खोल खाण खणली गेली. कोळसा लागला नाही, खाण सोडून द्यावी लागली आणि तिच्यात खारे पाणी भरले. त्या पाण्यात आयोडीन आणि ब्रोमीन असल्याचे कळले, सांधेदुखीला त्याने उतार पडतो अशी ख्याती झाली आणि औषधी स्नानासाठी श्रीमंतांची रीघ लागली. हॉटेले झाली, बागा झाल्या. ‘किनेमा इन द वूड्स’ हे 1922 मध्ये सुरू झालेले चित्रपटगृह तर आजही चालू आहे. अशा या विसाव्याच्या गावाशेजारी 1942 मध्ये काँक्रीटच्या तीन धावपट्ट्या आल्या आणि त्यांच्यावरून चार इंजिनांची लँकेस्टर विमाने रात्री-अपरात्री झेपावू लागली.

लिंकनशायरची सपाट भूमी विमानतळांना सोयीची आणि जर्मनीच्या दिशेने तोंड करून असलेली. युद्ध संपेपर्यंत या एका परगण्यात चाळीसहून अधिक विमानतळ झाले होते. त्यामुळे त्याला ‘बॉम्बर काउंटी’ हे नाव पडले, ते कायमचेच.

एका मोहिमेसाठी जन्मलेली तुकडी

617 स्क्वाड्रनची स्थापना मार्च 1943 मध्ये लिंकनच्या उत्तरेकडील स्कॅम्प्टन तळावर झाली, ती एका मोहिमेसाठी. जर्मनीच्या रूर खोऱ्यातील कारखान्यांना पाणी आणि वीज पुरवणारी धरणे फोडायची होती. बार्न्स वॉलिस या अभियंत्याने त्यासाठी पिंपासारखा बॉम्ब तयार केला. टाकण्यापूर्वी तो विमानातच मिनिटाला 500 फेऱ्या या वेगाने उलटा फिरवायचा. मग तो तलावात फेकलेल्या चपट्या दगडासारखा पाण्यावर टप्पे घेत भिंतीला भिडे, तिला चिकटून खाली जाई आणि खोल पाण्यात फुटे. त्यासाठी विमान पाण्यापासून बरोबर 60 फुटांवर हवे. अंधारात ही उंची कळावी म्हणून विमानाच्या पोटाला दोन दिवे लावले. त्यांचे झोत पाण्यावर एकमेकांना भिडले की उंची बरोबर.

16 मे 1943 च्या रात्री 19 विमाने निघाली. मोने आणि एडर ही धरणे फुटली, सोर्पेचे नुकसान झाले. 8 विमाने परतली नाहीत. 133 जणांपैकी 53 मृत्युमुखी पडले. तुकडीचा प्रमुख गाय गिब्सन तेव्हा 24 वर्षांचा होता. त्याला व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला.

त्या रात्रीचा हिशेब इथे संपत नाही. धरणांखालच्या खोऱ्यात सुमारे 1,300 माणसे वाहून गेली. त्यांत निम्म्याहून अधिक परदेशी होती. नाझींनी सक्तीने आणून छावण्यांत कोंडलेल्या अनेक स्त्रियाही त्यांत होत्या. त्यांच्या मुक्तीसाठी लढणाऱ्यांनी सोडलेल्या पाण्यातच त्या बुडाल्या. रॉयल स्क्वेअरमधल्या दगडी धरणासमोर उभे राहताना त्यांचीही आठवण ठेवायला हवी. तुकडीने स्वीकारलेल्या फ्रेंच ब्रीदाचा अर्थ ‘माझ्यामागून महापूर’ असा आहे. त्या खोऱ्याची हकीकत माहीत असली की हे शब्द जड वाटू लागतात.

पेटवुडमधले दिवस

जानेवारी 1944 मध्ये तुकडी वुडहॉल स्पाला आली. अधिकाऱ्यांची मेस पेटवुड हॉटेलात होती. एका धनाढ्य घराण्यातील स्त्रीसाठी 1905 मध्ये बांधलेला हा लाकडी चौकटींचा देखणा वाडा, भोवती विस्तीर्ण बाग. दुपारी या हिरवळीवर बसलेले विशी-पंचविशीतले तरुण रात्री युरोपच्या काळोखात शिरत आणि सकाळी न्याहारीच्या टेबलावर काही खुर्च्या रिकाम्या राहत. पेटवुड आजही हॉटेल आहे. तिथल्या ‘स्क्वाड्रन बार’मध्ये त्या काळची छायाचित्रे आणि वस्तू जपून ठेवल्या आहेत.

इथून झालेल्या मोहिमांत सर्वांत नाजूक होती 5 जून 1944 च्या रात्रीची. त्या रात्री एकही बॉम्ब टाकायचा नव्हता. 16 लँकेस्टर इंग्लिश खाडीवर आखलेल्या मार्गाने तासन्‌तास फेऱ्या घालत होती आणि ठरलेल्या क्षणी धातूच्या पट्ट्या खाली सोडत होती. जर्मन रडारवर त्यातून ल हाव्रच्या उत्तरेकडे सरकणाऱ्या प्रचंड आरमाराचा आभास उभा राहिला. खरे आरमार नॉर्मंडीकडे निघाले होते. पुढे 14 मार्च 1945 रोजी जवळजवळ 10 टनांचा ‘ग्रँड स्लॅम’ बॉम्ब याच धावपट्टीवरून गेला आणि बीलेफेल्डचा रेल्वेपूल कोसळला.

गिब्सनची अखेरची रात्रही इथलीच. 19 सप्टेंबर 1944 रोजी तो याच तळावरून मॉस्किटो विमान घेऊन निघाला आणि परतताना हॉलंडमध्ये कोसळला. तेव्हा तो 26 वर्षांचा होता.

धावपट्टीपासून अंधेरीपर्यंत

या तळावरचा एक माणूस मुंबईलाही ओळखीचा असायला हवा. 1944 च्या सुरुवातीला लेनर्ड चेशर 617 चा प्रमुख होता. 8 फेब्रुवारी 1944 च्या रात्री फ्रान्समधील लिमोझच्या विमान-इंजिन कारखान्यावर हल्ला होता. तिथे काम करणाऱ्यांत बहुतेक फ्रेंच स्त्रिया होत्या. चेशरने आपले अवजड विमान छपरांवरून अगदी कमी उंचीने तीनदा नेले, त्यांना बाहेर पडायला वेळ मिळावा म्हणून. खुणेचे बॉम्ब त्याने चौथ्या फेरीला टाकले. शत्रूच्या तोफा जाग्या होण्याचा धोका पत्करून त्याने ही मिनिटे दिली.

त्यालाही व्हिक्टोरिया क्रॉस मिळाला. 9 ऑगस्ट 1945 रोजी नागासाकीवर अणुबॉम्ब पडला, तेव्हा ब्रिटनचा निरीक्षक म्हणून तो आकाशात होता. 1948 मध्ये त्याने एका मरणासन्न, निराधार माणसाला स्वतःच्या घरी आणून त्याची शुश्रूषा केली. त्यातून अपंग आणि असाध्य रुग्णांसाठीची चेशर होम्स उभी राहिली. भारतातले पहिले घर 1950 च्या दशकात मुंबईत, अंधेरीला सुरू झाले. 5 एप्रिल 1959 रोजी सू रायडर या समाजसेविकेशी त्याचा विवाह झाला, तोही मुंबईच्या कॅथलिक कॅथीड्रलमध्ये. डेहराडूनचे ‘राफेल’ केंद्र हे त्या दोघांचेच काम.

पाहण्यासारखे

वुडहॉल स्पा लिंकनच्या आग्नेयेला सुमारे 30 किलोमीटरवर आहे. गावाला आता रेल्वे नाही, लिंकनहून मोटारीने जावे. जुन्या तळाच्या काही भागात आज निसर्ग-राखीव क्षेत्र आहे. जवळच्या थॉर्प कॅम्पमध्ये सैनिकांच्या बराकी आणि छोटे संग्रहालय पाहता येते. तिथून थोड्या अंतरावर कॉनिंग्सबीचा तळ. जगात उडण्याच्या स्थितीत दोनच लँकेस्टर उरली आहेत, त्यांतले एक तिथे आहे. परतीच्या वाटेवर लिंकनच्या टेकडीवरील बॉम्बर कमांड केंद्र चुकवू नका. तिथल्या मनोऱ्याची उंची लँकेस्टरच्या पंखांच्या विस्ताराइतकी, 31 मीटर आहे. भोवतालच्या भिंतींवर बॉम्बर कमांडच्या सुमारे 58,000 मृतांची नावे आहेत.

त्या भिंती घाईने ओलांडू नका. थोडी तरी नावे वाचा. आणि अंधेरीला कधी गेलात, तर चेशर होमच्या दारातही क्षणभर थांबा. वुडहॉल स्पाच्या धावपट्टीवरून उडालेल्या एका माणसाने युद्धानंतरचे सारे आयुष्य अशी घरे बांधण्यात घालवले.