ण अक्षर आलं तर पोरीचं नाव काय ठेवायचं?

मुलींच्या नावांची फॅशन कुठवर पोचली ते पाहायचं असेल, तर देवरीला यावं आणि महामार्ग ५३ च्या कडेला चहा घेत उभं राहावं. गोंदिया जिल्ह्याचं हे टोक, पुढे लगेच छत्तीसगड. रायपूर-नागपूर वाहतूक सगळी इथूनच जाते. ट्रकच्या मागे लिंबू-मिरचीच्या वर मालकाच्या लाडक्या लेकीचं नाव रंगवलेलं असतं. एकेकाळी तिथं संगीता, सुनीता, ज्योती असत. आता आराध्या, अनन्या, परी, कियारा. खुद्द ‘देवरी’ हे नावही आजच्या बारशाला पटकन खपेल असं आहे; अजून कुणाला सुचलं कसं नाही?

आजीचं नाव हाच दाखला

देवरी, चिचगड, सालेकसा या पट्ट्यातल्या गोंड-हलबी घरांत आजी-पणजींची नावं विचारून पाहा. बुधा, मंगली, सोमारी, शुकवारा, शनिचरी. फागुनात झाली ती फगनी, चैतात झाली ती चैती. वार कळला, महिना कळला, साल तेवढं राहिलं. ते मग दुष्काळावरून नाहीतर पुरावरून काढायचं. जन्म-मृत्यू नोंदणीचा कायदा १९६९ सालचा; त्याच्या कितीतरी आधीपासून ही माणसं नोंद नावातच करून ठेवत होती. या नावांना कुणी मागास म्हटलं की मला हसू येतं. ‘सान्वी’वरून वार सांगून दाखवा!

कायद्याची एक गंमत पुष्कळांना ठाऊक नसते. जन्म २१ दिवसांत नोंदवायचा, पण नाव तेव्हाच द्यायची सक्ती नाही. पहिल्या १२ महिन्यांत ते फुकट चढवता येतं आणि त्यानंतर थोडं शुल्क भरून १५ वर्षांपर्यंत. म्हणजे पोट्टी दहावीला जाईपर्यंत आईबापांना नावावरून भांडायची सरकारी मुभा आहे. शाळा मात्र इतकी थांबत नाही.

आराध्येची आरू

१६ नोव्हेंबर २०११ रोजी ऐश्वर्या राय आणि अभिषेक बच्चन यांना मुलगी झाली. नाव काय ठेवलं हे कळायला देशाला काही महिने वाट पाहावी लागली. नाव कळलं आणि पुढच्या काही वर्षांत अंगणवाड्यांच्या हजेरीपटांवर आराध्याच आराध्या झाल्या. अर्थ सरळ: जिची आराधना करावी अशी. आता आराधनेची ही देवता चप्पल न घालता अंगणात पळाली, की तिच्या नावाने जी हाक निघते ती ‘आरूऽऽ’! तीन अक्षरांची नावं आपल्याकडे कागदावर राहतात आणि घरात दोनच अक्षरं चालतात. अनन्याची अन्नू होते, श्रावणीची सावू होते. कागदावरही सुख नाही. आराध्याच्या इंग्रजी स्पेलिंगमध्ये ‘ए’ किती घालायचे यावर शाळेचा दाखला आणि आधार कार्ड यांचं एकमत होईल तो सुदिन.

‘अनन्या’ म्हणजे जिच्यासारखी दुसरी नाही ती, असं आईबाप सांगतात. वर्गात चार अनन्या असल्या तरी सांगतात. हा शब्द गीतेच्या नवव्या अध्यायातल्या २२ व्या श्लोकात येतो आणि तिथं त्याचा रोख वेगळा आहे: दुसऱ्या कशाकडे मन न वळवता भक्ती करणारे. आयुर्विमा महामंडळाचं बोधवाक्य याच श्लोकातून घेतलेलं आहे. तेव्हा अनन्येच्या नावे पॉलिसी काढायला आलेल्या एजंटाला हे जरूर ऐकवावं.

न्वी, न्वी आणि न्वी

सान्वी, अन्वी, शान्वी, मान्वी. मोबाइलवर शोधलं की यातल्या निम्म्यांचा अर्थ ‘लक्ष्मी’ निघतो. लक्ष्मीची इतकी नावं लक्ष्मीलाही ठाऊक नसावीत. नाव कानाला गोड लागलं म्हणून ठेवलं, असं सरळ सांगायला काय हरकत आहे? पण बारशाला अर्थ विचारतात, म्हणून अर्थ हवा.

या गोतावळ्यात पक्क्या वंशावळीची आहे ती जान्हवी. जह्नू ऋषींनी गंगा पिऊन टाकली आणि मग कानावाटे सोडली, म्हणून ती जह्नूची मुलगी. मूळ संस्कृत शब्द ‘जाह्नवी’. मराठी जिभेनं ह आणि न यांची जागा बदलली आणि तेच रूढ झालं. २०१३ मध्ये ‘होणार सून मी ह्या घरची’ ही मालिका सुरू झाली तेव्हा नायिकेचं नाव घराघरात पोचलं. नाव कानातून आलेल्या नदीचं आणि बारशाला आत्या ते सांगते तेही कानातच: ‘कुर्रर्र’ करून. बिचारीनं नाव सांगितलं रे सांगितलं की भोवतीच्या बाया तिच्या पाठीत धपाटे घालतात. आधी वरवंट्याला टोपडं घालून पाळण्याखालून फिरवून झालेलं असतं. सगळ्या सोहळ्यात मुकाट्यानं वागणारा तो वरवंटाच.

काळी चालत नाही, कियारा चालते

अभिनेत्री कियारा अडवाणीचं जन्मनाव आलिया. ‘अंजाना अंजानी’ (२०१०) या चित्रपटात प्रियांका चोप्रा जी कियारा झाली होती, तिच्यावरून तिनं हे नाव घेतलं. शब्द मूळचा आयर्लंडचा. तिथल्या भाषेत ‘किअर’ म्हणजे काळा, सावळा. स्थळ पाहताना ‘मुलगी उजळ आहे ना?’ असं विचारणाऱ्या घरात पाळण्यावर सोनेरी अक्षरांत ‘काळी’ लिहिलेलं असतं, फक्त आयरिश भाषेत. आपल्या जुन्या माणसांना याची लाज नव्हती. काळूबाई देवी झाली, आणि द्रौपदीचं एक नावच कृष्णा आहे.

‘मायरा’ तर त्याहून गमतीची. फुल्क ग्रेव्हिल (१५५४ ते १६२८) या इंग्रज कवीनं आपल्या कवितेतल्या प्रेयसीसाठी ते नाव घडवलं. देवरीतल्या एखाद्या मायराचं बारसं थेट पहिल्या एलिझाबेथ राणीच्या दरबारातल्या कवीपाशी जाऊन पोचतं.

पाळण्यात वृत्तं

मालिनी ही आजीची पिढी, आर्या नि ओवी ही नातीची. तिन्ही छंदशास्त्रातली नावं आहेत. आर्या म्हटलं की मोरोपंत, ओवी म्हटलं की ज्ञानेश्वरी. तिथं सुमारे ९००० ओव्या आहेत. जात्यावरच्या ओव्यांची तर गणतीच नाही. हेमा राईरकर आणि गी पॉइतवाँ यांनी गावोगाव फिरून एक लाखाहून जास्त जमवल्या. आता दळण गिरणीवर जातं आणि ओवी नर्सरीत. पृथ्वी, शिखरिणी, मंदाक्रांता हीही वृत्तंच, ज्यांना हवी त्यांनी घ्यावीत. ‘शार्दूलविक्रीडित’ मात्र कुणी ठेवू नये, हाक मारता मारता पोरगी दुसऱ्या गल्लीत गेलेली असेल.

नावातून बदललेलं घर

विदर्भात १४ ऑक्टोबर १९५६ नंतर नावांची एक मोठी लाट आली, आणि ती कुठल्या नटीची नव्हती. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांनी नागपुरात धम्मदीक्षा दिली आणि घराघरांत प्रज्ञा, करुणा, विशाखा, यशोधरा, संघमित्रा जन्माला येऊ लागल्या. संघमित्रा ही सम्राट अशोकाची मुलगी, बोधिवृक्षाची फांदी घेऊन श्रीलंकेला गेलेली. सुजाता ही गौतमाला खीर देणारी. धानाच्या या मुलखात तिचं नाव रुळलं नसतं तरच नवल. ज्यांच्या आज्यांना गावानं नावं ठेवली होती, त्यांनी नातींची नावं स्वतः निवडली. ‘ट्रेंड’ म्हणायचंच असेल तर या नावांना म्हणावं.

याच्या अगदी उलट टोकाला सातारा जिल्हा. तिथं मुलगाच हवा असताना झालेल्या मुलींना ‘नकुशी’, ‘नकोसा’ अशी नावं होती. ऑक्टोबर २०११ मध्ये अशा २८५ मुलींची नावं समारंभानं बदलली. काहींनी पसंत केलं ते ऐश्वर्या.

नवं-जुनं दोन्ही हवं असेल तर चंद्रपूरच्या गोंड राणीकडे बघा: हिराई. तिथलं महाकालीचं मंदिर तिनं उभारलं. तीन अक्षरं, शेवटी ‘आई’, उच्चार सोपा, वर खरीखुरी राणी. एवढ्या गुणांचं नाव सोडून लोक मोबाइल का चाळतात?

आता ते ‘ण’

पंचांगात २७ नक्षत्रं, प्रत्येकाचे ४ चरण, म्हणून आद्याक्षरं १०८. हस्त नक्षत्राच्या चार चरणांना मिळतात पू, ष, ण, ठ. तिसऱ्या चरणावर जन्मली तर नाव ण वरून! मराठीत ण नं सुरू होणारं नाव सांगा. आर्द्रेत ङ आहे, उत्तराभाद्रपदेत ञ आहे. गुरुजी हसून जवळचं दुसरं अक्षर देतात आणि दक्षिणा घेतात. ‘ठ’ला निदान जुनी सोय होती. ठकी हे मुलीचंही नाव आणि लाकडी बाहुलीचंही. आज कुणी ठेवून दाखवावं, सासर-माहेर दोन्ही एकदमच रुसतील.

आणि आई कुठं लिहायची?

गोंदिया जिल्हा झाला १ मे १९९९ ला. १ मे हीच तारीख राज्य सरकारनं आणखी एका गोष्टीसाठी धरली: १ मे २०२४ पासून जन्मलेल्या बाळाच्या सरकारी कागदांवर आधी बाळाचं नाव, मग आईचं, मग वडिलांचं, शेवटी आडनाव. छान झालं. पण कितीतरी घरांत लग्नाच्या दिवशी ताटात तांदूळ पसरून नवरदेवानं सोन्याच्या अंगठीनं नवरीचं नवं नाव गिरवलेलं असतं. माहेरी ती प्रतिभा, सासरी पूजा. आता आराध्येच्या दाखल्यावर मधल्या रकान्यात कोण, तांदळातली की माहेरची? रेशन कार्डावर एक, बँकेच्या पासबुकावर दुसरी. बाई फॉर्म हातात घेऊन नवऱ्याकडे बघते आणि नवरा म्हणतो, ‘तूच सांग ना आता, तुला कोणतं आवडते ते!’