तपास दुसऱ्याकडे मागताना

अकोला जिल्ह्यातल्या बार्शीटाकळी ठाण्याचा तपास पटला नाही आणि तो सीआयडीकडे, नाहीतर सीबीआयकडे द्यावा असं वाटलं, तर फिर्यादीच्या घराला नागपूरला उच्च न्यायालयाचं खंडपीठ गाठावं लागतं. दंडाधिकारी ठाणेदाराला गुन्हा नोंदवून तपास करायला सांगू शकतात, सीबीआयला नाही. तो अधिकार उच्च आणि सर्वोच्च न्यायालयाचा. राज्य सरकारची संमती नसली तरी तो वापरता येतो, पण क्वचित आणि जपून, असं घटनापीठाने १७ फेब्रुवारी २०१० ला पश्चिम बंगालच्या प्रकरणात सांगितलं.

म्हणूनच बहुतेक याचिका फेटाळल्या जातात. नुसती नाराजी चालत नाही. आरोपीला तर यंत्रणा निवडताच येत नाही. भीमा-कोरेगाव प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१८ मध्ये दोन विरुद्ध एक मताने हेच ठरवलं.

मग चालतं काय? उत्तर अकोल्यातच सापडतं.

मे २०२३ मध्ये जुन्या शहरात दंगल पेटली. एकाचा जीव गेला. सतरा वर्षांचा एक मुलगा डोक्याला मार लागून दवाखान्यात भरती झाला. खून आपण डोळ्यांनी पाहिला, म्हणूनच आपल्यावर हल्ला झाला, असं त्याचं म्हणणं. तो दंगलीत जखमी झाल्याची खबर पोलिसांना मिळाली होती. तरी त्याच्यावरच्या हल्ल्याचा गुन्हा नोंदला गेला नाही. पोलीस अधीक्षकांकडे लेखी तक्रार गेली, तरीही नाही. नागपूर खंडपीठाने २०२४ मध्ये याचिका फेटाळली. ११ सप्टेंबर २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. वर्दी चढवली की धर्म-जातीचे पूर्वग्रह उतरवायचे असतात, असं पोलिसांना सुनावलं आणि हिंदू व मुस्लिम अशा दोन्ही समाजांच्या वरिष्ठ अधिकाऱ्यांचं विशेष तपास पथक नेमायला सांगितलं. पथकाच्या या रचनेला राज्य सरकारने हरकत घेतली. फेरविचारावर तो निकाल देणाऱ्या दोन न्यायमूर्तींचीच मतं फुटली आणि नोव्हेंबरात तीन न्यायमूर्तींच्या पीठाने रचनेच्या आदेशाला स्थगिती दिली.

जखमी पोराची साधी फिर्याद घ्यायला दिल्लीपर्यंत जावं लागावं, ही यातली सर्वांत वाईट गोष्ट.

यंत्रणा बदलली म्हणजे निकाल लवकर लागतो, असंही नाही. डॉ. नरेंद्र दाभोलकरांचा खून २० ऑगस्ट २०१३ ला झाला. मुंबई उच्च न्यायालयाने मे २०१४ मध्ये तपास सीबीआयला दिला. पुण्याच्या न्यायालयाचा निकाल आला १० मे २०२४ ला: दोघांना जन्मठेप, तिघे निर्दोष.

अकोल्याच्या मुलाच्या बाजूने उभे राहिले ते कागद. ठाण्याने फिर्याद घेतली नाही, तर ती लेखी स्वरूपात पोलीस अधीक्षकांकडे पाठवायची, पोच जपून ठेवायची. तिथेही दाद लागली नाही, तर प्रतिज्ञापत्रासह दंडाधिकाऱ्यांकडे जायचं. १ जुलै २०२४ पासून लागू झालेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेत कलम १७३ आणि १७५ मध्ये हीच वाट आखून दिलेली आहे. नागपूरला निघण्याआधी वकील याच कागदांबद्दल विचारतात.