झेड किंवा आर, दोनदा
‘बॅरल रोल’बद्दलचे गैरसमज आणि वस्तुस्थिती

“मामा, मी रोल मारला होता. मग पंख कसा तुटला?”

भाचा बारा वर्षांचा. ‘स्टार फॉक्स ६४’ हा खेळ १९९७ सालचा, म्हणजे त्याच्या जन्माच्या कितीतरी आधीचा. पण निन्टेन्डोने २०२१ मध्ये आपल्या निन्टेन्डो ६४ चे जुने खेळ स्विच या यंत्रावर वर्गणीतून खेळायला दिले आणि हा खेळ नव्या पोरांच्या हाती आला. दिवाळीच्या सुट्टीत भाचा माझ्याकडे राहायला आला होता. कॉर्नेरिया ग्रहावरच्या पहिल्याच टप्प्यात त्याचे आर्विंग विमान गिरक्या घेत घेत एका इमारतीला घासले आणि एक पंख गळून पडला. प्रश्न रास्त होता. पेपी नावाचा वयस्कर ससा, म्हणजे त्या पथकातला जुना जाणता वैमानिक, त्याला नुकताच ओरडून सांगून गेला होता की बॅरल रोल कर, झेड किंवा आर दोनदा दाब. पोराने सांगितले तसे केले, तरी पंख गेला.

मी त्याला उत्तर द्यायला बसलो आणि लक्षात आले की या एका गिरकीभोवती गैरसमजांचा चांगलाच गुंता आहे. त्यातले काही खेळाबद्दलचे आहेत, काही खऱ्या विमानांबद्दलचे. आणि दोन्हींची सरमिसळ झाल्यामुळे दोन्ही कळायला अवघड होतात.

‘रोल मारला की काहीच लागत नाही’

हा भाच्याचा समज, आणि बहुतेक नवख्यांचाही. खेळातली गिरकी ढाल आहे हे खरे, पण ती एकाच गोष्टीविरुद्ध. शत्रूकडून येणारे लेसरचे मारे ती परतवते. आर्विंग गरागरा फिरते, भोवती प्रकाशाचे कडे चमकते, आणि त्या क्षणी अंगावर आलेला लेसर बाजूला उडतो. इमारत, कमान, तरंगती उल्का, समोरून येऊन धडकणारे शत्रूचे यान अशा घन वस्तूंपुढे मात्र गिरकीचे काही चालत नाही. तिथे वाट बदलावीच लागते.

आणि पंख तुटणे या खेळात नुसते दिसण्यापुरते नाही. पंख गेला की जोड-लेसर बंद पडतो, मारा साध्या एकेरी लेसरवर येतो, विमानही नीट ऐकत नाही. म्हणून इमारतींच्या गर्दीत पोरे बटण बडवत सुटतात तेव्हा नुकसान दुहेरी होते. गिरकी उपयोगी पडत नाहीच, शिवाय लक्ष समोरच्या वाटेवरून उडते.

‘बटण सतत बडवत राहिले की ढाल कायम राहते’

गिरकी क्षणभराची असते. संपली की विमान पुन्हा उघडे. त्यामुळे ती कधी मारायची हेच सगळे कौशल्य आहे. लेसर दुरून निघताना दिसतो, तेव्हा हात शिवशिवतात. तिथे थांबायला हवे. लेसर अंगाशी येता येता गिरकी सुरू झालेली असली पाहिजे. फार आधी मारली तर मारा पोचेपर्यंत ती संपते, उशीर झाला तर मार बसून गेलेला असतो.

भाच्याच्या हातांकडे नीट पाहिले तेव्हा आणखी एक गोष्ट दिसली. त्याच्या दोन दाबांमधला वेळ फार होता. एकदा दाबून बोट बटणावरच राहायचे, मग पुन्हा दाबायचा. खेळाला ती गिरकी वाटतच नव्हती. बटण दाबून धरले तर विमान त्या बाजूला फक्त कलते. दोनदा म्हणजे टिचकी मारल्यासारखे दोनदा, आणि तेही एकाच बटणावर. झेड डाव्या बाजूचे, आर उजव्या बाजूचे. मूळ निन्टेन्डो ६४ चा कंट्रोलर तीन दांड्यांचा होता आणि झेड मधल्या दांडीच्या पोटाशी, बंदुकीच्या चापासारखे. हात बरोबर धरला की तर्जनी आपसूक तिथे जायची. आजच्या कंट्रोलरवर तेच काम वेगळ्या बटणाकडे दिलेले असते, म्हणून खेळ सुरू करण्याआधी आपल्याकडे झेड कुठे आहे ते पाहून घ्यावे. पेपी सांगतो ते बटण नावाने शोधत बसण्यात बराच वेळ जातो.

कलणे हे वेगळे शस्त्र आहे आणि ते लोक विसरतात. बटण दाबून धरून त्याच दिशेला कंट्रोलरची काडी वळवली की विमान जास्त तीव्र वळते. शिवाय पंख उभे झाल्याने अरुंद फटीतून जाता येते. भाच्याला ज्या इमारतीने दगा दिला, तिथे गिरकी नको होती, बटण धरून कलायला हवे होते.

आणि या खेळात काडी पुढे ढकलली की विमानाचे नाक खाली जाते, मागे ओढली की वर येते. खऱ्या विमानासारखेच. पहिल्या तासाभरातल्या निम्म्या धडका यामुळेच होतात, त्याचा दोष गिरकीला देऊ नये.

‘पाठीमागे लागलेला शत्रू गिरकीने झटकता येतो’

झटकता येत नाही. गिरकी त्याचा मारा परतवेल, पण तो मागेच राहील, कारण आपली वाट तर तीच राहिली. मोकळ्या मैदानासारख्या टप्प्यांत चारी दिशांना उडता येते, आणि तिथेच स्टार वुल्फ हे शत्रूचे पथक पाठीशी लागते. त्यावर उपाय म्हणजे कोलांटी. काडी मागे ओढून त्याच वेळी वेग वाढवायचे, म्हणजे बूस्टचे, बटण दाबले की आर्विंग उभा गोल घेऊन मागे येते आणि पाठलाग करणारा आपल्या पुढ्यात सापडतो. कोलांटीला बूस्टचा साठा खर्ची पडतो, गिरकीला पडत नाही. म्हणून गिरकी सवयीची आणि कोलांटी राखून वापरायची. मी भाच्याला एवढेच सांगितले की लेसर दिसला तर गिरकी, माणूस दिसला तर कोलांटी. ते त्याला चटकन पटले.

‘खेळात दिसतो तोच बॅरल रोल’

आता ज्याबद्दल वैमानिक मंडळी कळवळून बोलतात तो गैरसमज. आर्विंग जे करते ते बॅरल रोल नव्हेच. त्याला विमानविद्येत एलरॉन रोल म्हणतात.

निखाऱ्यावर कणीस भाजताना आपण देठ धरून ते जागच्या जागी फिरवतो. कणीस स्वतःभोवती फिरते, पण निखाऱ्यावरची जागा सोडत नाही. एलरॉन रोल तसा. पंखांच्या मागच्या कडेला टोकाकडे ज्या हलत्या पट्ट्या असतात त्या एलरॉन. एका बाजूची वर, दुसऱ्या बाजूची खाली केली की विमान स्वतःच्या लांबीच्या आसाभोवती फिरते. पुढे जाण्याची रेघ जवळजवळ सरळच राहते. उलटे असताना पंखांची उचल जमिनीकडे लागते आणि नाक झुकू पाहते, म्हणून वैमानिक आधीच नाक थोडे वर घेऊन ठेवतो.

बॅरल म्हणजे पिंप. एखादे प्रचंड पिंप आडवे ठेवले आहे आणि विमान त्याच्या आतल्या भिंतीला चिकटून पुढे सरकत फेरा घेते आहे, असे डोळ्यांसमोर आणा. त्या वाटेचा आकार मळसूत्रासारखा होतो. वैमानिक नाक वर ओढतो आणि त्याच वेळी विमान कलवत नेतो. फेऱ्याच्या माथ्यावर विमान उलटे असते, मग ते दुसऱ्या बाजूने उतरत जवळपास मूळ उंचीवर आणि मूळ दिशेला येते. म्हणजे गिरकी आणि कोलांटी एकात मिसळलेली. हवाई दलाच्या सूर्यकिरण पथकाच्या कसरती बघायला मिळाल्या तर विमानाकडे नको, मागे सोडलेल्या धुराकडे बघा. धुराची रेघ सरळ राहिली तर विमान नुसते स्वतःभोवती फिरले. रेघेला पीळ पडला तर तो बॅरल रोल.

नावाचा हा गोंधळ इतका रुळला आहे की तो आता निघणार नाही. पेपीच्या तोंडचे ‘बॅरल रोल कर’ हे वाक्य इंटरनेटवर चेष्टेचा विषय झाले. २०११ च्या नोव्हेंबरात गुगलने अशी सोय केली की ते वाक्य शोधपेटीत लिहिले की अख्खे पान गोल फिरते. पानसुद्धा कणसासारखेच फिरते, मळसूत्रासारखे नाही. वाक्याला जिवंतपणा दिला तो रिक मे या अभिनेत्याने. २०२० च्या एप्रिलमध्ये कोविडने त्यांचे निधन झाले. पेपीचा तो खरखरीत, काळजीने भरलेला आवाज माझ्या कानात अजून आहे. तो काही विनोद करत नव्हता, पोराचा जीव वाचावा म्हणून ओरडत होता. ही गिरकी त्याच्या सल्ल्यातून जन्मली असाही एक समज आहे. तोही बरोबर नाही. १९९३ च्या पहिल्या ‘स्टार फॉक्स’मध्येही खांद्याचे बटण दोनदा दाबून ती घेता येत होती.

‘बॅरल रोल म्हणजे विमानाचे हाल’

उलट, नीट केलेल्या बॅरल रोलमध्ये विमानावर आणि आत बसलेल्यांवर पडणारा भार साध्या उड्डाणापेक्षा फार वेगळा नसतो, आणि तो सतत आसनाच्या दिशेनेच पडतो. माणूस उलटा असतो, पण लोंबकळत नाही. १९५५ च्या ऑगस्टमध्ये सिएटलजवळच्या लेक वॉशिंग्टनवर बोटींच्या शर्यतीला मोठी गर्दी जमली होती. बोइंगचे चाचणी वैमानिक टेक्स जॉन्स्टन यांनी तिथे डॅश ८० हे चार इंजिनांचे जेट विमान दोनदा बॅरल रोलमधून नेले. पुढे बोइंग ७०७ ज्यातून आले ते हेच विमान, आणि कंपनीकडे ते एकच होते. वरिष्ठांच्या काळजाचा ठोका चुकला, विमानाला मात्र काही झाले नाही. त्या उड्डाणात खिडकीतून टिपलेल्या छायाचित्रात इंजिने पंखाच्या वर आलेली दिसतात, जमीन आकाशाच्या जागी आहे.

कसरती करणारे वैमानिक बॉब हूव्हर यांनी तर याचे प्रात्यक्षिकच केले. श्राइक कमांडर हे दोन इंजिनांचे विमान रोलमधून नेताना एका हाताने ते जगमधून पेल्यात थंड चहा ओतत. विमान उलटे झालेले असे आणि चहाची धार सरळ पेल्यात पडे. भार कायम तळाकडे असल्याशिवाय हे शक्य नाही. 

‘लढाईत अशा गिरक्यांचा काही उपयोग नाही’

जागच्या जागी गिरकीचा फारसा नाही, हे खरे. विमान कितीही फिरले तरी वाट सरळच असेल तर मागच्याची गोळी बसते, आणि खऱ्या आकाशात गोळी परतवणारे कडे नसते. बॅरल रोलची गोष्ट निराळी. मागचा वेगाने अंगावर येत असतो. पुढचा मळसूत्री वाट धरतो. मळसूत्राची लांबी सरळ रेघेपेक्षा जास्त, म्हणजे विमानाचा वेग तितकाच राहूनही पुढे सरकण्याची गती कमी होते. मागच्याला थांबता येत नाही. तो पुढे निघून जातो आणि आता पाठलाग कोण करतो आहे ते उलटे होते. दुसऱ्या महायुद्धात ब्रिटिशांच्या लँकेस्टरसारख्या अवजड बॉम्बफेकी विमानांचे वैमानिक रात्रीच्या शिकारी विमानांपासून वाचायला अशीच पिळाची वाट धरत. एका बाजूला वळून सूर मारायचा, मग दिशा बदलून वर यायचे, पुन्हा तेच. नेम धरायला सरळ रेघच द्यायची नाही.

इथेही प्रश्न वेळेचाच. रोल फार लवकर घेतला तर मागचा सावध होऊन वेग कमी करतो, उशिरा घेतला तर काही उरत नाही. म्हणून नावाचा घोळ असूनही पेपीचा सल्ला मला खोटा वाटत नाही. तो ओरडतो ते मार येतो आहे त्या क्षणी.

आणि अवकाशात?

तिथे हवाच नाही, त्यामुळे एलरॉन निरुपयोगी. यान वळवतात ते छोट्या झोत-इंजिनांनी, आणि नुसते फिरवल्याने त्याची वाट बदलत नाही. तरी कोलांटी तिथेही जीव वाचवण्यासाठी मारली गेली आहे. कल्पना चावला आणि त्यांचे सहा सहकारी ज्या कोलंबिया दुर्घटनेत गेले, तिच्यानंतर शटलच्या उष्णतारोधक कवचाची तपासणी सक्तीची झाली. जुलै २००५ मध्ये आयलीन कॉलिन्स यांनी डिस्कव्हरी शटल अवकाश स्थानकाच्या सुमारे १८० मीटर खाली आणून सावकाश पूर्ण उलटवले. त्याला आठ-नऊ मिनिटे लागली. तेवढ्या वेळात स्थानकातल्या अंतराळवीरांनी शटलच्या पोटाकडच्या फरशांची छायाचित्रे घेतली.

भाच्याला हे सगळे एका बैठकीत सांगितले नाही. दुसऱ्या दिवशी सकाळी त्याने कॉर्नेरिया पुन्हा सुरू केला. पाण्यावरच्या दगडी कमानी आल्या. सगळ्या कमानींखालून गेले आणि पथकातल्या फाल्कोला पाठलागातून सोडवले की तो धबधब्याआडची वाट दाखवतो. पहिल्या कमानीपाशी समोरून लेसर आला. भाच्याने वाट पाहिली, टिचकी टिचकी, लेसर उडाला. मग बोट उचलले आणि दोन्ही पंख शाबूत ठेवून तो कमानीखालून सरळ निघून गेला.